उजाडातले कावळे

बरीच वर्षं मी बुलढाण्यात बसून लोकांना ताप आणायचं काम केलं. ताप, थंडी, तहान, लंगडेपणा, लू; ज्याला जे लागू पडेल ते. सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींच्या कट्ट्यावर सगळे कुठल्या ना कुठल्या खात्यातून निवृत्त झालेले. कोणी महसूल, कोणी शिक्षण, कोणी पाटबंधारे. मला विचारलं की मी 'कॉम्प्युटर' म्हणतो आणि विषय हवामानावर नेतो. खरं म्हणजे मी शिक्षेच्या खात्यात होतो, पण ते चालता चालता सांगण्यासारखं नाही. अंकाच्या संपादकांनी 'निवांत लिहा' म्हटलं, म्हणून आज सांगतो.

स्टँडजवळ माझा आधी टायपिंगचा आणि पुढे कॉम्प्युटरचा क्लास होता. तिथला एक विद्यार्थी पुण्याला जाऊन कॉम्प्युटरवरचे खेळ बनवायला लागला. एक दिवस त्याचा फोन आला, "सर, तुमची नजर बारीक आहे. आमचा खेळ खेळून फक्त चुका सांगायच्या." मी भटजीच्या घरात वाढलेला, गोट्यासुद्धा चोरून खेळलो. पण क्लास ओस पडत चालला होता आणि माणसाला काहीतरी हवं असतं. मी हो म्हटलं.

खेळाचं नाव 'उजाड'. ज्यांनी असले खेळ पाहिले नाहीत त्यांच्यासाठी थोडं सांगतो. गावोगावची माणसं आपापल्या घरी कॉम्प्युटरसमोर बसतात आणि एकाच ओसाड मुलखात उतरतात. प्रत्येकाची छोटी टोळी असते, टोळीतल्यांना एकमेकांशी बोलता येतं. पडक्या घरांतून अन्न, पाणी, बंदुका शोधायच्या, दुसऱ्या टोळ्यांपासून जीव वाचवायचा आणि टिकून राहायचं. गोळीबार हा त्यातला सोपा भाग. गोळी लागली की माणूस पडतो, थोड्या वेळानं नव्यानं उतरतो, विषय संपतो. माझ्याकडे होतं ते मरणाच्या अलीकडचं सगळं. आम्ही त्याला 'अवस्था' म्हणायचो.

अवस्था म्हणजे निष्काळजीपणाचा दंड. खाल्लं नाही की हात थरथरतो आणि नेम चुकतो. पाणी प्यायलं नाही की आवाज दूर दूर जातात, मागून कोण येतंय ते कळत नाही. नदीतून गेलात आणि कपडे वाळवले नाहीत तर थंडी भरते, थंडीवर शेकोटी केली नाही तर ताप, आणि तापात भूक आणखीच जोरात लागते. दुष्काळात तेरावा महिना कसा आणायचा, ते बसवणं हेच माझं काम. मात्र प्रत्येक दंडाला उतारा हवा, आणि तो खेळाडूला आपला आपण शोधता यायला हवा. दंड असा पाहिजे की माणूस चिडावा पण खुर्चीवरून उठू नये. सौम्य केला तर कोणी भीक घालत नाही, कडक केला तर लोक खेळ बंद करून जेवायला जातात.

खेळात प्रत्येकाच्या डोक्यावर त्याच्या अवस्थेचं चिन्ह तरंगतं. तहानलेल्याच्या डोक्यावर थेंब, तापलेल्याच्या डोक्यावर ज्वाळा. दिवसभर तेच पाहून मला सवय लागली. संध्याकाळी बाजारात गेलो की भाजीवालीच्या डोक्यावर मला थेंब दिसायचा, आणि मी उगाच तिच्याकडून जास्तीची मेथी घ्यायचो. बुलढाण्यावर ढग उतरले, समोरची झाडं विरघळली, की मी खेळात आहे का बाहेर, ते कळायला एखाद्या ओळखीच्या दुकानाची पाटी दिसावी लागायची. बायको म्हणायची, "तुम्ही अर्धे तिकडेच राहता हो." तिचं बरोबर होतं, आणि मला तिकडे बरं वाटायचं.

सगळ्यात जीव लावून केलेली अवस्था म्हणजे लू, ऊन लागणं. वाळवंटाचा नकाशा आला तेव्हा पुण्याच्या पोरांनी ऊन लागलं की पडदा लाल करून टाकला होता. मी म्हटलं, बाबांनो, ऊन लाल नसतं. लहानपणी मोताळ्याच्या रस्त्यावर मला ऊन लागलं होतं, ते मला अजून आठवतं. सगळं पांढरं होत जातं, दुधात पाणी घालत राहावं तसं. माणसांचे आवाज विहिरीतून आल्यासारखे येतात. आणि खरी भीती ही की बरं वाटतं. अंग गार वाटतं, बाभळीखाली आडवं व्हावंसं वाटतं, समोर पाणी दिसतं. मी ते तसंच करून घेतलं. आधी पडदा पांढुरका होतो, मग कुठेच नसलेलं तळं दिसतं, आणि लू फार चढली की सोबत्यांच्या डोक्यावरची नावं पुसली जातात. आपलं माणूस परकं दिसायला लागतं. उतारा म्हणून सावली, डोक्याला शेला, कैरीचं पन्हं आणि खिशात कांदा.

कांद्यावरून पुण्यात वाद झाला. "सर, याला आधार काय?" मी म्हटलं, "आधार नाही रे, पण आमच्याकडे म्हातारी माणसं वैशाखात कांद्याशिवाय घराबाहेर पडत नाहीत." कांदा राहिला. त्याचा मला आजही अभिमान आहे.

तक्रारींचे फोनही आमच्याकडेच यायचे. आमच्याकडे म्हणजे मी आणि करुणा. करुणा मेहकरकडच्या खेड्यातली, एमएस्सी झालेली, आणि खेळाडू म्हणून माझ्यापेक्षा कितीतरी वरचढ. जुन्या क्लासच्या खोलीत आम्ही समोरासमोर बसायचो. गिऱ्हाईकं एकेक नमुनेदार. मलकापूरच्या एकानं लूच्या धास्तीनं सगळी झोळी कांद्यांनी भरली आणि वर आम्हालाच विचारलं, "आता गोळ्याले जागा नाही, लढू कायनं?" करुणा शांतपणे म्हणाली, "फेकून मारा." एका वकीलसाहेबांनी तर रीतसर अर्ज केला. अर्जदाराला चतुर्थीचा उपास असल्यानं त्या दिवशी त्याच्या खेळातल्या माणसाला भुकेचा दंड लावणं अन्यायाचं आहे, असं त्यांचं म्हणणं. मी उत्तर लिहिलं की आमच्या नकाशात रताळी उगवतात, अर्जदारानं ती शोधावीत. त्यांचा आभाराचा निरोप आला.

आता डागाविषयी सांगतो. दंडांमध्ये सगळ्यात जड दंड हा. आपल्याच टोळीतल्या माणसाला गोळी घातली की डाग लागतो. डोक्यावर कावळे घिरट्या घालू लागतात आणि ते लांबून दिसतात. तुमचं नाव पुसलं जातं, तुमचा आवाज सोबत्यांपर्यंत जात नाही, आणि कुठल्याही शेकोटीजवळ बसलं तरी ऊब लागत नाही. त्यात मेलात तर डाग आणखी घट्ट होतो. उतारा एकच. ज्याला गोळी घातली त्यानं स्वतः शोधत यावं आणि आपल्याजवळचं पाणी द्यावं. हा उतारा मी सुचवला होता. भांडण मिटलं की एकमेकांच्या घरचं पाणी प्यायचं, ही आपल्याकडची रीत.

पुण्याहून त्याचं चित्र हलतं होऊन आलं. माफ करणारा उभा, डागी माणूस वाकून ओंजळ धरतो, आणि वरून पाण्याची बारीक धार पडते. फार सुरेख केलं होतं, धारेत आभाळसुद्धा दिसत होतं. मला वडिलांच्या पळीतून तळहातावर पडणारं तीर्थ आठवलं. मी खुशीत करुणाकडे पाहिलं.

ती पडद्याकडे पाहत होती. म्हणाली, "सर, माह्या आजीले असंच पाणी भेटे. गावच्या विहिरीवर. ओंजळ धरून उभी राहे. कोणी वरून टाकलं तं टाकलं."

धार एकच होती आणि आम्ही दोघांनी तीच पाहिली होती. मला फार वाईट वाटलं, आणि इतकी वर्षं समोर बसणाऱ्या या मुलीच्या आजीविषयी मला काहीच माहीत नाही, याचंही वाटलं. आम्ही दोघांनी मिळून पुण्याला कळवलं. नव्या चित्रात माफ करणारा आधी खाली बसतो, बाटली समोरच्याच्या हातात देतो. तो तोंड लावून पितो. मग उरलेलं पाणी पहिला पितो. हे उरलेलं पाणी पिण्याचं करुणानं सुचवलं होतं.

त्यानंतरच्या वैशाखात एक फोन आला. "हॅलो, तो कावळ्याचा खेळ तुमचाच न? माह्या डोक्यावरचे कावळे जाऊनच नाही राह्यले. तुम्ही येऊन पाहता का?"

कूलर दुरुस्त करणाऱ्याला बोलवावं तसं मला बोलावणाऱ्या या बाई म्हणजे लोणारच्या इंगळेबाई, जिल्हा परिषदेच्या शाळेतल्या निवृत्त शिक्षिका. त्यांची एकुलती मुलगी पल्लवी बंगलोरला नोकरीला. हा खेळ तिनंच आईला शिकवला. दर रविवारी दुपारी मायलेकी उजाडात उतरायच्या, थोडी भटकंती करायच्या आणि मग एखाद्या टेकडीआड शेकोटी पेटवून बसायच्या.

"फोनवर ती मले काहीच सांगत नाही, सर," बाई म्हणाल्या. "जेवली का, हाव, ठेवतो. शेकोटीवर सांगते. तिथी एकमेकीचं तोंड दिसत नाही न. दोघी आपल्या विस्तवाकडे पाहतो."

अशाच एका रविवारी पल्लवी म्हणाली होती, 'आई, तुले एक सांगायचं हाये, पण आज नाही, पुढच्या रविवारी.' पुढच्या रविवारी वाळवंट लागलं. बाईंना लू चढली. पांढऱ्या उन्हातून एक परका माणूस धावत येताना दिसला आणि बाईंनी गोळी घातली. ती पल्लवी होती. आईला ऊन लागलं म्हणून कांदा घेऊन येत होती.

"मग फोन करून सांगायचं न तिले," स्पीकरवर ऐकणारी करुणा म्हणाली.

"केला न. ती म्हणे, जाऊ दे आई, खेळच तं हाये. तिनं जाऊ दे म्हटलं की तिचं जात नसते, मले माहीत हाये. काय सांगणार होती, ते इचारलं, तं म्हणे काही नाही. आता मी उतरते तं तिले माहं नाव दिसत नाही, आवाज जात नाही. तिले वाटत असन, आईनं खेळ सोडला."

"तुम्ही आहात तिथी, हे तरी सांगा."

"अन काय म्हणू? ये अन मले पाणी पाज? मागून घेतलेलं पाणी ते काय पाणी, पोरी?" बाईंचा आवाज एकदम बारीक झाला. "ते शेकोटीवरचं बोलणं गेलं न, तं मले लेक उरत नाही."

फोन ठेवल्यावर करुणा म्हणाली, "सर, बटन दाबून टाका न." तशी सोय माझ्याकडे होती. कचेरीतून कोणाचाही डाग पुसता यायचा. मी बोटही नेलं. पण दाबण्याआधी पल्लवी उजाडात येते का, ते पाहिलं. ती दर रविवारी येत होती. एकटीच. काही लुटत नव्हती, कोणाशी लढत नव्हती. या टेकडीवरून त्या टेकडीवर जायची, शेकोटी पेटवायची, थोडा वेळ बसायची आणि पुढे निघायची.

मी बोट मागे घेतलं. बटणानं डाग गेला असता, पण या मुलीचं शोधणं वाया गेलं असतं. बाईंना सांगावं तर तेही करता येत नव्हतं. एका खेळाडूचा ठावठिकाणा दुसऱ्याला सांगायचा नाही हा आमच्याकडचा कडक नियम, आणि तो योग्यच आहे. "मी लोणारला जातो," मी म्हटलं. करुणा म्हणाली, "जा. पण या रविवारी नाही झालं, तं मी बटन दाबीन. तुमची रीत तुमच्याजोळ."

रविवारी सकाळची बस धरली. चिखली मागे पडली तसं ऊन चढत गेलं. मेहकरनंतर खिडकीबाहेर सगळं पांढरं झालं होतं, रस्त्यावर पुढे पुढे पाणी चमकायचं आणि जवळ गेलं की सरकायचं. मला डुलकी लागत होती, जात होती. कंडक्टरच्या डोक्यावर थेंब दिसला. पुढच्या बाकावरची म्हातारी कमरेची पिशवी चाचपत होती आणि तिच्यात कांदा असणार याची मला खात्री होती. बसच्या टपावर कावळे फिरताहेत असंही एकदा वाटलं. लोणार आलं तेव्हा मी नेमका कोणत्या बाजूला उतरलो, खेळात की बाहेर, ते मला सांगता येणार नाही.

बाईंच्या घरी कूलरचा ओला वारा होता आणि कॉम्प्युटरवर विणलेला रुमाल. बाई माझ्यापेक्षा वयानं मोठ्या, बारीक अंगाच्या. हेडफोननं कान दुखतात म्हणून आवाज खोलीभर लावलेला. त्यांनी खेळ सुरू केला आणि माझ्या लक्षात आलं. बाई एका पडक्या घरात छपराखाली बसून होत्या.

"बाहेर का जात नाही?" मी विचारलं.

"कावळे पाहून लोक मारायले येते न. छताखाली बसलं की दिसत नाही."

शाळेच्या शिस्तीत आयुष्य काढलेल्या बाईंनी खेळातही शहाणपण केलं होतं. छपराखाली त्यांचा जीव वाचत होता आणि लेकीला त्या दिसत नव्हत्या. नियमामुळे मला ते सांगता येत नव्हतं. मी एवढंच म्हटलं, "बाई, ती समोरची टेकडी चढा."

"मारतीन न मले."

"मारतीलही. तरी चढा."

त्यांनी माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं, खेळातल्या खिशात कांदा आहे का ते तपासलं, आणि निघाल्या. चढता चढता पडदा फिकट होत गेला. कांद्यानं लू लांबते, टळत नाही. टेकडीमागे नसलेलं तळं दिसू लागलं, लोणारच्या खऱ्या सरोवराइतकं मोठं, काठाला हिरवं. कावळे वाढले आणि कूलरच्या आवाजावर त्यांचा कलकलाट चढला. बाई टेकडीवर पोचल्या आणि उभ्या राहिल्या.

"माही माय म्हणे, कावळा ओरडला की पाहुणा येते," त्या स्वतःशीच म्हणाल्या. पुण्याच्या पोरांनी ते कावळे अशुभ म्हणून घातले होते.

बराच वेळ कोणी आलं नाही. मग उन्हातून एक माणूस दिसला. नाव पुसलेलं, खांद्यावर बंदूक. तो सरळ टेकडीकडे यायला लागला. बाईंचा हात माउसवर घट्ट झाला. त्या दिवशीही असंच झालं असणार. तो कोण आहे ते मलाही कळत नव्हतं. पल्लवी असेल किंवा नसेल. चुकून पुन्हा गोळी सुटली असती तर मग त्या शेकोटीचं काही खरं नव्हतं.

तो अगदी जवळ आला. बाईंनी माउसवरचा हात उचलला आणि मांडीवर ठेवला.

"येऊ दे," त्या म्हणाल्या. "कोणी का असेना."

तो माणूस समोर येऊन थांबला. बंदूक उतरवली. खाली बसला. बाटली काढून बाईंच्या हातात दिली. पडद्यावरच्या बाई तोंड लावून पाणी प्यायल्या, मग उरलेलं तो प्यायला. कावळे एकेक करून उठले आणि पांढऱ्या आभाळात नाहीसे झाले. पाण्यानं लू ओसरली तशी त्या माणसाच्या डोक्यावर हळूहळू अक्षरं उमटली. पल्लवी.

"आई?" खोलीत आवाज आला. "तू इथीच होती?"

बाईंनी टेबलावरचा माइक जवळ ओढला. "हाव," त्या म्हणाल्या. "तुले कशी सापडली मी?"

"कावळे ओरडून राह्यले होते न. तूच तं म्हणते, कावळा ओरडला की पाहुणा येते. म्हटलं, पाहुणा मीच असन."

त्यांनी तिथेच टेकडीआड शेकोटी पेटवली. दोघी बसल्या. बाईंच्या चित्राला ऊब लागत असल्याचं चिन्ह दिसलं, आणि इतक्या वर्षांत मी ते चिन्ह हजारदा तपासलं होतं तरी त्या दिवशी पहिल्यांदाच पाहावं तसं पाहिलं. विस्तव तडतडत होता. मग पल्लवीचा आवाज आला, पहिल्यापेक्षा खालचा. "आई, ते सांगायचं होतं न तुले..."

बाई चटकन माइकवर तळहात ठेवून माझ्याकडे वळल्या. "सर, जरा बाहेर बसता का?"

मी बाहेर पायरीवर येऊन बसलो. कचेरीतून करुणाचा निरोप आला होता, 'गेले कावळे. दिसलं मले.' गल्लीत चिटपाखरू नव्हतं, ऊन पांढरं होऊन भिंतींवर झोपलं होतं. पल्लवीनं काय सांगितलं ते मला कधीच कळलं नाही, आणि मी विचारलंही नाही. आतून कूलरची घरघर येत होती, आणि तिच्यातून मधूनमधून, बराच वेळ, बाईंचं "हाव... हाव... मंग?"